व्हिटाफोन लघुपटात आवाज मागे पडतो: दोष तबकडीचा की चित्राचा?

रीळवेडा: शॉ आणि ली या विनोदी जोडगोळीचा 1928 चा 'द बो ब्रमेल्स'. व्हिटाफोन, म्हणजे चित्र फिल्मवर आणि आवाज वेगळ्या तबकडीवर. तबकडीवरून घेतलेला आवाज वेगळ्या चित्रफाइलला जोडतोय. सुरुवातीला ओठ जुळतात, नवव्या मिनिटाला आवाज वीसेक सेकंद मागे. शिवाय दोघं असे खांबासारखे उभे का? माइकमुळे?

सुईदोरा: फरक हळूहळू वाढतोय, म्हणजे वेगाची भानगड. व्हिटाफोनचं चित्र सेकंदाला 24 चौकटींचं, तुमची फाइल बहुतेक टीव्हीच्या पाल पद्धतीची, 25 ची. 540 सेकंदांचं चित्र 518 सेकंदांतच संपतं. आवाज वेगाने वाजवून जुळवू नका, पट्टी चढते. चित्र 24 वर आणा.

फरक एकदम पडत असेल तर कारण वेगळं. रीळ तुटलं की जेवढ्या चौकटी गेल्या तेवढ्याच काळ्या चौकटी तिथे जोडायच्या असत. त्या जोडायच्या राहून गेल्या तर 12 चौकटींमागे आवाज अर्धा सेकंद मागे, तोही रीळ संपेपर्यंत.

जुना पडदा: माइक हे अर्धंच कारण. निर्विकार चेहरा हा शॉ-लींचा रंगमंचावरचाच बाणा. पण तबकडीवरचं ध्वनिमुद्रण कापून जोडता येत नसे, त्यामुळे अख्खा प्रयोग एका दमात. आवाज मेणाच्या तबकडीवर कोरला जाई; कोणी अडखळलं की मेण वाया, पुन्हा पहिल्यापासून. ताजं मेण वाजवून ऐकलं की सुईने खाचा खराब होत.

खरी पंचाईत हशाची. स्टुडिओत चिडीचूप. हशासाठी जास्त थांबलात तर पडद्यावर पोकळी, कमी थांबलात तर पुढचं वाक्य थिएटरातल्या हशात बुडालं. शॉ-ली थांबतच नाहीत, म्हणून त्यांचा लघुपट आजही शिळा वाटत नाही. जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन या विनोदी जोडीने 'लॅम्बचॉप्स'मध्ये (1929) या अडचणीचाच विनोद केला: ग्रेसी दिवाणखान्याच्या सेटवर काहीतरी शोधत फिरते. काय? तर प्रेक्षक! जॉर्ज तिला कॅमेरा दाखवतो.

सुईदोरा: शिवाय रंगमंचावर एक प्रवेश गावोगाव वर्षानुवर्षं चाले. पडद्यावर तोच एकदा सगळीकडे पोचला की संपला. व्हीलर-वूल्सी ही विनोदी जोडी बघा, ते 'रिओ रिटा'पासून (1929) मोठ्या बोलपटांत स्थिरावले, कारण तिथे कथानक आणि गाणी हाताशी होती. पण 1938 मध्ये वूल्सी गेला आणि जोडी संपली.

रीळवेडा: 24 वर आणल्यावर जुळलं. पण पाचव्या मिनिटानंतर आवाज पावणेदोन सेकंद पुढे धावतोय.

सुईदोरा: सुईने एक खाच ओलांडली. मिनिटाला 33⅓ फेरे, म्हणजे एका फेऱ्याला 1.8 सेकंद. या तबकड्या आतून बाहेर वाजतात, तेव्हा उडी बाहेरच्या बाजूला. त्या जागी 1.8 सेकंदांची शांतता घाला, पुढचं आपोआप जुळेल. गेलेले शब्द मात्र दुसऱ्या प्रतीवरूनच मिळतील.