प्रति: फॉस्टस नेमका कुणाचा?

शेक्सपिअरच्या ‘हॅम्लेट’चा पहिला क्वार्टो (लहान आकाराची छापील प्रत) नंतरच्या प्रतींपेक्षा फार वेगळा आहे; एकाच नाटकाच्या प्रतींमधला असा गोंधळ अपवादात्मक होता, असं या चर्चेत कुणीतरी म्हटलंय. मला नाही पटत. शेक्सपिअरचा समकालीन नाटककार मार्लो याचं ‘डॉक्टर फॉस्टस’ घ्या, सैतानाला आत्मा विकणाऱ्या विद्वानाचं नाटक. मार्लो गेला १५९३ मध्ये, नाटक पहिल्यांदा छापलं १६०४ मध्ये, आणि १६१६ च्या प्रतीत ते सहाशेहून जास्त ओळींनी फुगलेलं! पोपच्या दरबारातला धिंगाणा तर भलताच लांबलाय. नाट्यगृहाचा मालक हेन्स्लो याच्या हिशेबवहीत १६०२ ची नोंद आहे: बर्ड आणि राउली या दोन लेखकांना फॉस्टसमध्ये भर घालण्याबद्दल चार पौंड. छापलेली भर हीच का, यावर अभ्यासक अजून भांडतात.

त्यात इंग्लंडमध्ये १६०६ चा कायदा आला. रंगमंचावर देवाचं नाव वावगं घेतलं की दहा पौंड दंड. म्हणून शेवटी जुन्या प्रतीतला फॉस्टस ‘देवा, माझ्या देवा’ म्हणून टाहो फोडतो आणि नव्या प्रतीतला नुसतीच स्वर्गाकडे दया मागतो. गंमत म्हणजे कायदा प्रयोगांना होता, छपाईला नाही. त्यामुळे १६१६ च्या प्रतीमागे नटमंडळींच्या वापरातली वही असावी, हा तर्क मला जास्त पटतो.