मदत हवी आहे: अमॉक्सिसिलिनची रिअॅक्शन, अॅडव्हर्स इफेक्ट की पॉइझनिंग?

नमस्कार मंडळी, मी इंदूरला विजयनगरात एका ऑफिसात अमेरिकन पेशंटच्या फायलींचं मेडिकल कोडिंग करते (म्हणजे आजारांना ठरलेले कोड लावायचं काम), एका इमर्जन्सीच्या केसवर अडलेय. बाईची दाढ दुखत होती म्हणून तिने नवऱ्याच्या उरलेल्या अमॉक्सिसिलिनच्या गोळ्या घेतल्या, स्वतःच्या मनाने, (हे आपल्याकडेही घरोघरी चालतंच म्हणा), आणि अंगभर पुरळ उठलं. डॉक्टरांनी नुसतं ड्रग रॅश लिहून ठेवलंय.

आमची टीम लीड म्हणते डोस नॉर्मलच होता ना, मग आधी एल२७.० (औषधामुळे अंगभर उठलेलं पुरळ) आणि त्याखाली टी३६.०एक्स५ए (पेनिसिलिन गटातल्या औषधाचा अॅडव्हर्स इफेक्ट, म्हणजे दुष्परिणाम). पण माझं म्हणणं, कोडमध्ये तो अॅडव्हर्स इफेक्टचा ५ लावायचा तर औषध नीट प्रिस्क्राइब केलेलं अन् नीट घेतलेलं पाहिजे, इथे तर तिला कोणी लिहूनच दिलं नव्हतं, म्हणजे पॉइझनिंग (कोडिंगमध्ये औषध चुकीच्या पद्धतीने घेतलं की हेच म्हणतात), टी३६.०एक्स१ए आधी आणि पुरळ नंतर. नुसता एक आकडा बदलत नाही हो, पहिला डायग्नोसिसच बदलतो!

ऑडिटला, म्हणजे कोडच्या तपासणीला, अशी केस कोणाची गेलीय का? की सरळ डॉक्टरांना क्वेरी टाकू, म्हणजे लेखी विचारू? ताई-दादा कोणीतरी सांगा, फाइल उद्या सकाळी द्यायचीय.