फ्लोरिडाच्या जुन्या टुरिस्ट फिल्म "निरागस" म्हणून शेअर करणं थांबवा

गेल्या आठवड्यात १९४०-५० च्या दशकातल्या फ्लोरिडाच्या बऱ्याच शॉर्ट फिल्म बघितल्या, मेन पिक्चरच्या आधी थेटरात दाखवायचे तसल्या. सायप्रेस गार्डन्स पार्कातल्या वॉटर स्कीवाल्या मुली, वीकी वाचीच्या झऱ्यात जलपऱ्या बनलेल्या मुली नळीतून हवा ओढत पाण्याखाली चक्क केळं खातायत, सिल्व्हर स्प्रिंग्जच्या झऱ्यांवरच्या काचेच्या तळाच्या बोटी. रंग बघून डोळे निवतात. पण मी बघितलेल्यांत एकही कृष्णवर्णीय पर्यटक नाही. सिल्व्हर स्प्रिंग्जला गोऱ्यांना फिरवणाऱ्या बोटींवर कृष्णवर्णीय चालक असायचे, पण कृष्णवर्णीय पर्यटकांना तिथे प्रवेश नव्हता, म्हणून त्यांच्यासाठी मालकांनी १९४९ मध्ये झऱ्यांतून निघणाऱ्या नदीवर मैलभर खाली वेगळं पॅराडाईज पार्क काढलं, ते १९६९ पर्यंत चाललं. पाणी तेच, ऊन तेच. मला हे बघून फार वाईट वाटलं.

प्रतिसाद १
नाही पटलं. जाहिरात आहे हो ती! लग्नाच्या अल्बमात रुसवेफुगवे कोण लावतं? मिशिगनच्या बर्फात राबणाऱ्या माणसाला दहा मिनिटं ऊन दाखवलं, त्याने गाडी काढली आणि सुट्टीला आला, यात फसवणूक कुठे आली?

धागाकर्ती
रुसवेफुगवे नका लावू, पण अल्बममधून घरची माणसंच कापून टाकली तर?

प्रतिसाद २
मी फ्लोरिडातच, टँपात राहते, सिल्व्हर स्प्रिंग्जला दोनतीनदा जाऊन आलेय, २०१३ पासून ते स्टेट पार्क आहे. पाणी अजून सुंदर आहे पण खतं आणि सेप्टिक टँकमधलं नायट्रेट झऱ्यात उतरतं, तळाच्या गवतावर शेवाळाचा तपकिरी थर बसलेला दिसतो, आणि त्या फिल्ममध्ये बघा, तळाची पांढरी वाळू कशी लखलखते. पूर्वी काय होतं ते आम्ही लोकांना दाखवणार कशाने, हेच ना रीळ? म्हणून ताई, थांबवा म्हणू नका प्लीज, उलट अजून शेअर करा.

प्रतिसाद १
हेच तर म्हणतोय मी. आणि त्या काळी कॅमेरा घेऊन कुठे कुठे जाणार माणूस?

धागाकर्ती
पाण्याचा मुद्दा शंभर टक्के मान्य, रीळ जपायलाच हवीत, माझा राग "निरागस" या शब्दावर आहे. पण कॅमेऱ्याचं म्हणाल तर सिल्व्हर स्प्रिंग्जचा फोटोग्राफर ब्रूस मोझर्ट, त्यानेच पॅराडाईज पार्कचेही फोटो काढलेत, पोहणारी पोरं, नटूनथटून आलेल्या बायका, सगळं आहे त्यात. कॅमेरा तिथवर पोचत होता की. मग फिल्मवाल्यांना मैलभर पुढे जायला काय झालं होतं?