तारकर्लीला फोन पाऊचमध्ये घालून पोहावं का?

पुणेकरीण
डिसेंबरमध्ये तारकर्लीला जातोय. मी आणि लेक (वय ११) स्नॉर्केलिंग (तोंडात नळी धरून, पाण्यावर तरंगत खालचं बघणं) करणार आहोत. फोन आयपी६८ (धूळ-पाण्यापासून बचावाचा दर्जा) आहे, वरून वॉटरप्रूफ पाऊचही घेतलाय, त्यावर ३० मीटर लिहिलंय. गळ्यात अडकवून पोहलं तर चालेल ना?

देवबागचा होडीवाला
ताई, मी स्नॉर्केलिंगच्या होडीवर असतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो. गळ्यात नको. लाट आली की दोरी मानेला ओढ देते, स्नॉर्केलच्या नळीत आणि लाइफ जॅकेटच्या पट्ट्यांत गुंतते. घाबरलेला माणूस आधी तीच दोरी ओढायला लागतो. जॅकेटच्या कमरेच्या पट्ट्याला आखूड बांधा, नाहीतर सरळ होडीत ठेवा.

आयपी६८ मधला ८ म्हणजे एक मीटरपेक्षा जास्त खोल पाणी. किती खोल आणि किती वेळ ते कंपनी ठरवते. पण ती चाचणी स्थिर, गोड्या पाण्यात होते. खारं पाणी चार्जिंगच्या खाचेत बसलं की धातू खातं, आणि पाण्याने झालेला बिघाड बहुतेक कंपन्या वॉरंटीत धरत नाहीत. म्हणजे खरी मदार पाऊचवरच.

तो घरीच तपासा. दहाची पंचवीसेक नाणी टिश्यूत गुंडाळून आत घाला, जवळपास फोनाएवढं वजन होतं. बादलीत अर्धा तास दाबून ठेवा. टिश्यूचा कोपरा जरी ओला झाला तरी तो पाऊच बाद. मग हात सोडून बघा, तरंगतो की बुडतो. आतली हवा पूर्ण काढली तर बुडतो, थोडी ठेवली तर वर येतो.

पाणी शिरतं ते बहुधा तोंडाशी, चिमटा लागतो तिथून. वाळूचा एक कण अडकला तरी फट राहते. म्हणून किनाऱ्यावर उघडझाप नको. आणि सिंधुदुर्ग किल्ल्याजवळच्या खडकांवर कालवं असतात, त्यांची धार प्लास्टिक सहज कापते.

कॅमेरावेडा
पाण्याखाली टच चालत नाही. व्हिडिओ वरच सुरू करा, फोटोला आवाजाचं बटण वापरा. पाऊच एसी खोलीतच बंद करा. दमट हवा आत कोंडली तर गार पाण्यात लेन्सवर वाफ धरते.

पुणेकरीण
खूप आभार दादा. लेकीच्या हातात दिला तर?

देवबागचा होडीवाला
नको ताई. तिचे दोन्ही हात मोकळे हवेत. आणि तुम्हीही शूटिंग करू नका, स्क्रीनकडे बघताना पोर कुठे गेलं ते कळत नाही. व्हिडिओ आमचा पोरगा काढून देईल.

वर आल्यावर पाऊच आधी गोड्या पाण्याने धुवा, हात-केस पुसा, मगच उघडा. ओलावा दिसला तर फोन लगेच बंद करा, चार्जिंगला लावू नका. तांदळाच्या डब्यातही नको, त्याची पूड खाचेत जाते.

पुणेकरीण
नाण्यांची चाचणी आजच करते, मग इथे लिहिते.