मदत हवी आहे: नवजात बाळाला ह्वांगल्यानचे पाणी द्यावे की नाही?

कृष्णाकाठ (धागाकर्ता), सकाळी ८.४०
आम्ही सिंगापूरला राहतो. माझी पत्नी मलेशियातील इपोह येथील चिनी कुटुंबातील आहे आणि तिच्या बाळंतपणासाठी सासूबाई तिकडून, तर माझी आई सांगलीहून आली आहे. सासूबाईंच्या मते बाळ गर्भातील उष्णता अंगात घेऊन येते आणि ती उतरवण्यासाठी ह्वांगल्यान नावाच्या मुळीचे पाणी द्यावे लागते. त्यांच्या घरी चार पिढ्या हेच चालत आले आहे. आईचे म्हणणे असे की परकी मुळी नको, आपली बाळघुटी द्यावी. बाळ थोडे पिवळे दिसते आणि परवा तपासणीत आकडा २२० आला. संध्याकाळी बाळाच्या अंघोळीनंतर पुन्हा हाच विषय निघणार आहे. मी अगदी कात्रीत सापडलो आहे. कृपया जाणकारांनी ह्वांगल्यान द्यावे की देऊ नये, एवढेच नेमके सांगावे. इंटरनेटवर अर्धा तास शोधून परस्परविरोधी मजकूर मिळाला.

रानवाटा, सकाळी ८.५८
आपण सर्वात महत्त्वाच्या गोष्टी लिहिलेल्याच नाहीत. बाळ किती दिवसांचे आहे? किती आठवड्यांनी जन्मले? २२० हा आकडा कोणत्या एककात आहे? भारतात बिलिरुबिन (काविळीत रक्तात वाढणारे पिवळे द्रव्य) मिलिग्रॅममध्ये सांगतात आणि तिथे २० म्हटले तरी डॉक्टर धावपळ करतात, त्यामुळे २२० वाचून माझ्या छातीत धस्स झाले.

उंबरठा, सकाळी ९.१५
मी स्वतः तीन नातवंडे वाढवली आहेत, म्हणून अनुभवाने लिहिते. सहाणेवर आईच्या दुधात हळकुंड, मुरडशेंग, वेखंड, हिरडा, जायफळ आणि अतिविष यांचे एकेक वेढे उगाळून दिले की बाळाचे पोट साफ राहते आणि ते शांत झोपते. कावीळ म्हणाल तर कोवळ्या उन्हात दहा मिनिटे धरावे, चार दिवसांत उतरते. आपल्या आईंचा अनुभव मोलाचा आहे, त्यांचे ऐकावे.

औषधशाळा, सकाळी ९.३६
मी औषधनिर्माणशास्त्र शिकवतो, त्यामुळे या मुळीबद्दल थोडे सविस्तर लिहितो. ह्वांगल्यान म्हणजे कॉप्टिस चायनेन्सिस या वनस्पतीचा कंद. चीनमध्ये चोंगचिंग आणि सिछ्वान भागातील डोंगरांत त्याची लागवड होते आणि कंद काढायोग्य व्हायला साधारण पाच वर्षे लागतात. तो मोडला की आत गर्द पिवळा दिसतो. तो रंग आणि ती कडू चव मुख्यतः बर्बेरिन या अल्कलॉइडमुळे येते आणि चांगल्या कंदात ते वजनाच्या पाच टक्क्यांहून अधिक असते. म्हणजे आपण ज्याला मुळीचे पाणी म्हणता, ते प्रत्यक्षात बर्‍यापैकी तीव्र औषधाचे द्रावण आहे.

नवजात बाळाच्या बाबतीत अडचण अशी आहे. लाल रक्तपेशी मोडल्या की बिलिरुबिन तयार होते. बाळाचे यकृत अजून ते पुरेशा वेगाने बाहेर टाकू शकत नाही, म्हणून ते रक्तातील अल्ब्युमिन या प्रथिनाला चिकटून राहते, आणि तिथे चिकटलेले असते तोवर मेंदूत सहजासहजी शिरत नाही. बर्बेरिन मात्र बिलिरुबिनला अल्ब्युमिनवरून हुसकावून लावते, असे १९९३ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत दिसले आहे. सुटे झालेले बिलिरुबिन मेंदूत साचले तर कायमची इजा होऊ शकते. म्हणून माझे उत्तर ‘देऊ नये’ असे आहे. अमेरिकेतील सरकारी आरोग्यसंस्थाही तान्ह्या बाळांना, गरोदर स्त्रियांना आणि अंगावर पाजणार्‍या मातांना बर्बेरिन देऊ नये असेच सांगते.

आता मला आपल्याकडून एक माहिती हवी आहे. सिंगापूरमध्ये १९६५ पासून प्रत्येक बाळाच्या नाळेतील रक्ताची, लाल रक्तपेशींना फुटण्यापासून जपणार्‍या जी६पीडी या विकराच्या कमतरतेसाठी तपासणी होते. आपल्या बाळाच्या आरोग्यपुस्तिकेत त्याचा निकाल काय लिहिला आहे?

त्रिदोष, सकाळी १०.०५
औषधशाळा यांच्या प्रतिसादातील एकांगीपणावर मला आक्षेप नोंदवावासा वाटतो. सिंगापूरने १९७८ साली बर्बेरिनवर बंदी घातली होती हे खरे आहे, पण २०१० नंतर पुनर्विचार होऊन ती उठवण्यात आली, हेही सांगायला हवे होते. आपल्याकडील दारुहळदीतही हेच बर्बेरिन असते आणि तिच्यापासून केलेले रसांजन आयुर्वेदात शतकानुशतके वापरात आहे. एका प्रयोगावरून संपूर्ण परंपरेला विषारी ठरवणे योग्य नाही. मी स्वतः अतिसाराच्या कितीतरी रुग्णांना दार्वीचा म्हणजे दारुहळदीचा काढा दिला आहे आणि मला कधी अपाय दिसला नाही.

औषधशाळा, सकाळी १०.२२
आपल्या रुग्णांपैकी पहिल्या आठवड्यातील बाळे किती होती, एवढे सांगावे. बंदी उठवताना ज्या निरीक्षणांचा आधार घेतला गेला, त्यांत प्रौढ रुग्णही होते आणि प्रौढांमध्ये रक्तपेशी फुटल्याचे आढळले नाही, हे मला मान्य आहे. प्रौढाच्या आतड्यातून बर्बेरिन फार थोडे शोषले जाते आणि त्याचे यकृतही पूर्ण सक्षम असते. परंपरेला मी विषारी म्हटलेले नाही. माझा मुद्दा फक्त वयाचा आणि काविळीचा आहे.

पिवळा_पळस, सकाळी १०.४७
बर्बेरिनचा विषय निघालाच आहे म्हणून सांगतो की रक्तातील साखरेवर ते उत्तम काम करते. २००८ साली शांघायमधील संशोधकांनी नव्याने मधुमेह झालेल्या ३६ रुग्णांवर केलेला अभ्यास प्रसिद्ध आहे आणि त्यात परिणाम मेटफॉर्मिन या मधुमेहावरील नेहमीच्या औषधासारखाच दिसला होता. मी सहा महिने दिवसाला तीन वेळा ५०० मिलिग्रॅम घेत आहे. ज्यांना साखरेचा त्रास आहे त्यांनी अवश्य विचार करावा.

रानवाटा, सकाळी १०.५५
इथे तान्ह्या बाळाचा प्रश्न चालू आहे. साखरेसाठी कृपया स्वतंत्र धागा काढावा. कृष्णाकाठ, आपण अजून वय सांगितलेले नाही.

उत्तरायण, सकाळी ११.१८
मी नोकरीनिमित्त सात वर्षे चीनमधील छंतू शहरात होतो. तिथे पोट बिघडले की औषधाच्या दुकानात पहिल्यांदा ह्वांगल्यानसूच्या गोळ्या हातावर ठेवतात. ही म्हणजे बर्बेरिनचीच गोळी असते, अतिशय स्वस्त, आणि घरोघरी ड्रॉवरमध्ये सापडते. मीही ती अनेकदा घेतली आहे. एकदा गोळी दाताखाली फुटली आणि अर्धा दिवस जिभेवरून कडवटपणा गेला नाही. ‘मुक्याने ह्वांगल्यान खाल्ले, कडू आहे हे सांगता येईना’ अशी एक म्हणच तिकडे आहे. महत्त्वाची गोष्ट अशी की त्या गोळ्यांसोबतच्या चिनी माहितीपत्रकातच, जी६पीडीची कमतरता असलेल्या मुलांना हे औषध देण्यास मनाई आहे, असे छापलेले असते. सासूबाईंना पाश्चात्त्य डॉक्टरांचे म्हणणे पटत नसेल, तर त्यांच्याच भाषेतील तो कागद दाखवावा. माझ्या अनुभवाने त्याचा मान राखला जातो.

कृष्णाकाठ (धागाकर्ता), दुपारी १२.०३
मी हो किंवा नाही एवढेच विचारले होते, पण आता प्रश्नांची उत्तरे देतो. मुलगा आहे, आज पाचवा दिवस. ३७ आठवड्यांनी जन्मला. २२० हा आकडा मायक्रोमोलमध्ये आहे आणि तो तिसर्‍या दिवशीचा आहे. आरोग्यपुस्तिकेत जी६पीडीसमोर ‘कमतरता’ असे लिहिले आहे. त्यासोबत दिलेल्या कागदावर वाल-पावट्यासारख्या काही शेंगा, डांबरगोळ्या आणि काही औषधे टाळावीत असे होते, त्यामुळे त्याचा या प्रश्नाशी संबंध असेल असे माझ्या मनातही आले नाही. आणखी एक गोष्ट सांगायला हवी. सासूबाईंनी काल बाळाला त्या पाण्याने अंघोळ घातली आणि बोटाने दोन-तीन थेंब जिभेवर लावले. त्यांनी ते प्रेमापोटीच केले.

औषधशाळा, दुपारी १२.११
मग थांबू नये. बाळाला आजच, शक्य तितक्या लवकर रुग्णालयात न्यावे आणि बिलिरुबिन पुन्हा तपासावे. तिसर्‍या दिवसाचा २२० म्हणजे साधारण १२.९ मिलिग्रॅम. तो आकडा तेव्हा फार मोठा नसला, तरी ३७ आठवड्यांचे, जी६पीडीची कमतरता असलेले बाळ असेल तर तो झपाट्याने चढू शकतो, आणि दोन दिवस होऊन गेले आहेत. दोन-तीन थेंबांनी काय झाले असेल याची चर्चा इथे करण्यात अर्थ नाही, पण डॉक्टरांना ते न लपवता सांगावे. बाळ दूध ओढत नसेल, फार सुस्त असेल, किंचाळल्यासारखे रडत असेल किंवा पाठ मागे ताणत असेल, तर रुग्णवाहिका बोलवावी.

त्रिदोष, दुपारी १२.२०
ही माहिती आधी मिळाली असती तर माझा पहिला प्रतिसाद मी तसा लिहिला नसता. अशा बाळाला दार्वी किंवा ह्वांगल्यान देऊ नये, याबाबत औषधशाळा यांच्याशी मी पूर्ण सहमत आहे. उंबरठा यांना विनंती की अशा बाळाची कावीळ कोवळ्या उन्हावर सोडू नये.

उंबरठा, दुपारी १२.३४
मला या आजाराची माहिती नव्हती. आमच्या वेळी असे काही तपासतच नसत. कृष्णाकाठ, आपण निघाला असाल अशी आशा करते.

जायपत्री, दुपारी १२.५०
माझ्या मुलालाही ही कमतरता आहे, म्हणून दोन गोष्टी सांगते. पहिली म्हणजे कपडे. आपल्याकडे जुनी बाळंतविडे, दुपटी आणि झबली ट्रंकेत डांबरगोळ्या घालून ठेवतात. त्यातील नॅप्थलीन श्वासातून आणि त्वचेतून बाळाच्या शरीरात जाते आणि अशा बाळांच्या रक्तपेशी त्याने खरोखर फुटतात. आईंनी सांगलीहून कपडे आणले असतील तर आधी ते काढावेत आणि खोलीबाहेर ठेवावेत. दुसरी म्हणजे हा केवळ चिनी घरांतला दोष आहे असे कुणी समजू नये आणि सुनेवर बोल लावू नये. तो क्ष गुणसूत्रावरून येतो म्हणून मुलग्यांत अधिक दिसतो, पण भारतातही आहे. पारशी समाजात त्याचे प्रमाण बरेच आहे आणि एका भारतीय प्रकाराला तर ‘केरळ-कल्याण’ असे आपल्या कल्याणचे नाव आहे.

रानवाटा, दुपारी १.०५
आईंच्या घुटीच्या डब्याचाही विचार व्हावा. त्यातील पिवळा तुकडा हळकुंडच आहे ना? काही ठिकाणी काष्ठौषधीच्या दुकानातून दारुहळदही त्या पुड्यात येते. हळकुंडाला ओळखीचा वास असतो आणि चुना लावला की ते कुंकवासारखे लाल होते. दारुहळद हे सरळ लाकूड असते, कापल्यावर आरे दिसतात आणि जिभेला लावले की कडू लागते.

कृष्णाकाठ (धागाकर्ता), रात्री ९.४८
सर्वांचे मनापासून आभार. आम्ही दीडपर्यंत रुग्णालयात पोहोचलो. आकडा २८६ आला, म्हणजे १६.७ मिलिग्रॅम. बाळाला निळ्या दिव्याखाली ठेवले आहे आणि डोळ्यांवर पांढरी पट्टी बांधली आहे. ते दूध व्यवस्थित घेत आहे. थेंबांबद्दल मी सांगितले. डॉक्टर रागावले नाहीत. ३७ आठवडे आणि जी६पीडीची कमतरता एवढ्यानेही आकडा चढू शकतो, त्या पाण्याचा त्यात किती वाटा आहे हे सांगता येणार नाही, पण ते पुन्हा देऊ नये, असे त्यांनी स्पष्ट सांगितले. बाळ अंगावर पीत असल्यामुळे पत्नीच्या सूपमध्येही ह्वांगल्यान घालू नये असे बजावले.

उत्तरायण यांच्या सल्ल्याप्रमाणे मी दुकानातून ह्वांगल्यानसूची डबी आणून आतला कागद सासूबाईंना दिला. त्यांनी चश्मा लावून तो दोनदा वाचला. मग त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत आणि नंतर मुळीचा पुडा स्वतःहून माझ्या हातात दिला.

घरी येऊन आईच्या डब्यातील पिवळा तुकडा पाहिला. वास नाही, लाकडासारखा कठीण, आरे स्पष्ट दिसतात. आईने जिभेला लावून पाहिला आणि लगेच चूळ भरली. मिरजेच्या बाजारातून घेतलेल्या पुड्यात तो हळकुंडासोबतच आला होता आणि ती त्याला हळदीचाच एक प्रकार समजत होती. म्हणजे सासूबाईंचे पाणी नको म्हणून आई जी घुटी देणार होती, तिच्यातही बर्बेरिनच होते. सहाणेवर अजून त्याचा पिवळा वेढा आहे, कारण काल संध्याकाळी आईने तो उगाळून ठेवला होता. बाळ झोपल्यामुळे द्यायचा राहून गेला.

बाळासाठी आणलेली झबली डांबरगोळ्यांतलीच होती. ती सर्व पिशवीत बांधून गॅलरीत ठेवली आहेत. दिवा उद्या सकाळपर्यंत चालू राहील आणि ९ वाजता पुन्हा रक्त घेणार आहेत. आकडा कळला की इथे लिहितो.

जायपत्री, रात्री १०.०२
झबली नुसती धुऊन वास पूर्ण जात नाही, त्यामुळे ती या बाळाला पुन्हा घालूच नयेत. दिव्याखाली बाळाच्या अंगातील पाणी कमी होते, म्हणून रात्री दर दोन-अडीच तासांनी पाजायला उठवावे. सकाळच्या आकड्याची वाट पाहते.