अनुभव धागा : गेलेल्या माणसाला जुन्या फुटेजमधून पडद्यावर आणताना

लॉ कॉलेज रोडवर १९६४ पासून चित्रपट संग्रहालय असल्यामुळे पुण्यात असं काम करणारे बरेच आहेत. कुठे अडतं ते नेमकं लिहा.

संकलन
मूकपटांच्या काळातलं चित्रण हँडल फिरवून केलेलं, सेकंदाला साधारण १६ ते २० फ्रेम. ते २४ ला चालवलं की माणूस तुरुतुरु पळतो आणि सभागृह हसतं. ज्याच्यावर माहितीपट काढलाय त्याच्यावरच हसू, हे मला सहन होत नाही. १६ चं २४ करायला दर दुसरी फ्रेम दोनदा घ्या. किंचित झटका दिसेल, दिसू द्या. सॉफ्टवेअरकडून मधल्या फ्रेम बनवून घेतल्या तर बोटं आणि हातातली काठी विरघळल्यासारखी दिसतात. एकाच रिळात वेग बदलतो, म्हणून पावलं आणि पडणारं पाणी बघून शॉटगणिक वेग ठरवा.

रीळ हाताळणी
डबा उघडताच व्हिनेगरसारखा वास आला तर ॲसिटेट, म्हणजे फिल्मची प्लास्टिकची पट्टी, कुजायला लागलंय. फिल्म आकसते, छिद्रांमधलं अंतर कमी होतं आणि दातेरी चाकावर ती फाटते. प्रोजेक्टरवर चढवू नका. बिनदाती स्कॅनरच हवा. थंड कोठारातला डबा खोलीच्या तापमानाला आल्याशिवाय उघडलात तर फिल्मवर दव धरतं.

चौकट
१.३७ ची जुनी चौकट (रुंदी उंचीच्या १.३७ पट) आजच्या रुंद १६:९ पडद्यात कडेपर्यंत भरली की उंचीतला जवळपास चौथा हिस्सा जातो, आणि पहिली जाते ती पगडी. बाजूला काळ्या पट्ट्या राहू द्या.

पटकथा
कथापटात आधी फुटेज, मग संवाद. ‘स्टार वॉर्स’मधल्या अभिनेत्री कॅरी फिशर २०१६ मध्ये गेल्या. २०१९ च्या ‘द राइज ऑफ स्कायवॉकर’मध्ये मुख्यतः २०१५ च्या ‘द फोर्स अवेकन्स’चे न वापरलेले शॉट घेऊन त्यांच्या वाक्यांभोवती प्रसंग लिहिले. समोरच्या नटाची नजर आणि प्रकाशाची दिशा जुन्या शॉटप्रमाणेच ठेवावी लागते. दोन वेगळ्या भाषणांतले शब्द जोडून नवं वाक्य मात्र कोणीही करू नये. तो माणूस हरकत घ्यायला येणार नाही.

हक्क
संग्रहालयाकडे रीळ असतं, हक्क बहुधा निर्मात्याकडे. चित्रपटाचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं. १९६० चा चित्रपट २०२० अखेर मोकळा. त्यातली गाणी वेगळी मोजा : गीतकार-संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. लेखी परवानगी संकलनाआधी घ्या.