'ओ, मिस्टर पोर्टर!'मधला तो बोळका म्हातारा कोण?

लूपलाइन: ब्रिटिश विनोदी नट विल हे याचा 'ओ, मिस्टर पोर्टर!' (१९३७) पाहिला. स्टेशनातला हार्बॉटल कोणी केलाय? नट खरंच ऐंशीला टेकलेला होता का? त्याचं आणखी काय पाहावं?

कृष्णधवल: मूर मॅरियट. जन्म १८८५, म्हणजे तेव्हा जेमतेम बावन्नचा. विल हे १८८८चा. 'म्हातारा' आपल्या स्टेशनमास्तर साहेबापेक्षा, म्हणजे हेपेक्षा, तीनच वर्षांनी मोठा! मॅरियटला स्वतःचे दात नव्हते. भूमिकेगणिक वेगळी कवळी, आणि हार्बॉटलसाठी तीही काढलेली. मग गाल आत जातात, हनुवटी नाकाला भिडू पाहते आणि बोलणं फसफसतं. त्यात पिंजारलेली दाढी. रंगरंगोटीने एवढं साधलं नसतं.

क्रम असा धरा: 'विंडबॅग द सेलर' (१९३६), मग पोर्टर, मग 'आस्क अ पोलिसमन' (१९३९). तिसऱ्यात तो हार्बॉटल आहेच, शिवाय हार्बॉटलचा बापही तोच. मुंडकं नसलेल्या घोडेस्वारावरच्या कवितेची शेवटची ओळ कुणालाच आठवत नाही, म्हणून मंडळी बापाकडे जातात. म्हाताऱ्याचा म्हातारा वेगळा दाखवायचा, तेही तोंडात दात नसताना! तिथे नट दिसतो.

पडद्यामागे: एक घोळ नेहमी होतो. विल हेचा सिनेमा म्हणजे मॅरियट असणारच, असं नाही. 'गुड मॉर्निंग, बॉइज' (१९३७) मध्ये हेचा नेहमीचा जोडीदार, जाडा पोरगा ग्रॅहम मॉफट आहे, मॅरियट नाही. पुढे विल हे ईलिंग स्टुडिओत गेला आणि हे-मॅरियट-मॉफट ही तिकडी फुटली. नंतरचा मॅरियट हवा तर विनोदी नट आर्थर आस्कीचे सिनेमे काढा: 'आय थँक यू' (१९४१), 'बॅक-रूम बॉय' (१९४२).

लूपलाइन: आणि ते स्टेशन? सिनेमात उत्तर आयर्लंडमधलं म्हणून दाखवलंय, पण तसं वाटत नाही.

पडद्यामागे: नाहीच. इंग्लंडातल्या हँपशरमधलं क्लिडेस्डन, प्रवासी गाड्या आधीच बंद पडलेलं. सिनेमातलं जुनाट इंजिन 'ग्लॅडस्टन' म्हणजे केंट अँड ईस्ट ससेक्स रेल्वेचं 'नॉर्थियम' इंजिन, १८९९चं. वरचं लांबडं धुराडं सिनेमापुरतं.

कृष्णधवल: विनोदाबाहेरचा मॅरियट राहिला. 'मिलियन्स लाइक अस' (१९४३) मध्ये तो नायिकेचा बाप आहे. 'ग्रीन फॉर डेंजर' (१९४६) मध्ये पोस्टमन, आणि ऑपरेशनच्या टेबलावर भूल देतानाच जातो. हे सुरुवातीलाच घडतं, तेव्हा पहिली रीळ चुकवू नका.